डोळ्यांसाठी कंपनीची पॉलिसी बरी की स्वतःची? चिपळूणहून लिहिते आहे

आमच्या घरात आरोग्य विम्याच्या दोन पॉलिस्या चालू आहेत. एक माझ्या कंपनीची. लोटे परशुराम एमआयडीसीतल्या एका कारखान्यात मी अकाउंट्सला आहे आणि तिथल्या ग्रुप पॉलिसीत मी, नवरा, मुलगी आणि सासू-सासरे असे पाचजण आहोत. दुसरी आम्ही २०२१ साली स्वतः काढलेली फॅमिली फ्लोटर, म्हणजे घरातल्यांना मिळून एकच विमा रक्कम, फक्त आम्हा तिघांची. मोतीबिंदू, रेटिना म्हणजे डोळ्याचा पडदा, चष्मा असं सगळंच गेल्या काही महिन्यांत घरात निघालं, त्यामुळे डोळ्यांपुरत्या या दोन्ही पॉलिस्या कशा आहेत ते लिहिते. विमा कंपन्यांची नावं देत नाही. अटी सगळीकडे थोड्याफार फरकाने याच असतात आणि वाचायच्या त्या अटीच.

माझी नणंद अमेरिकेत आहे. तिकडे नोकरीबरोबर डोळ्यांचा वेगळा विमा घेता येतो. वर्षातून एक तपासणी आणि फ्रेम-काचांसाठी ठरावीक रक्कम मिळते, त्याचे थोडे डॉलर पगारातून कापले जातात. ज्याला नोकरीतून मिळत नाही तो स्वतः विकत घेतो. आपल्याकडे लोक डोळ्यांचा विमा म्हणतात तेव्हा तो आरोग्य विम्याच्याच पोटात असतो आणि त्यात पैसे मिळतात ते मुख्यतः ऑपरेशनचे. चष्म्याचे नाही. अपेक्षा इथूनच ठेवावी.

आता आबांचा मोतीबिंदू. सासरे गुहागर तालुक्यात असतात, नारळ-सुपारीची वाडी आहे. गेल्या दिवाळीच्या सुमारास ते सुपारी निवडताना प्रत्येक सुपारी बोटांनी फिरवून, नखाने टोकरून बघायला लागले. किडकी सुपारी डोळ्यांना दिसेना म्हणून. मला हाक मारून म्हणाले, "गो, ही कशी हाय बघ जरा. मला सगळ्या सारख्याच दिसतात." दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, उजवा जास्त पिकलेला.

कंपनीच्या पॉलिसीचा पहिला आणि सगळ्यात मोठा गुण इथे दिसला. तिला वेटिंग पिरियड, म्हणजे क्लेमआधी थांबायचा काळ, नाही. आधीपासूनचे आजार पहिल्या दिवसापासून धरलेले आहेत. स्वतःच्या पॉलिसीत मोतीबिंदूला साधारणपणे दोन वर्षं थांबावं लागतं आणि आधीपासूनच्या आजारांना जास्तीत जास्त तीन वर्षं. पूर्वी ही मर्यादा चार वर्षांची होती, १ एप्रिल २०२४ पासून तीन झाली. ६८ वर्षांच्या माणसाला, ज्याला आत्ता दिसत नाही, त्याला नवीन पॉलिसी काढून देण्यात काही अर्थ नव्हता. आमच्या पॉलिसीत स्वतःचे आई-वडील किंवा सासू-सासरे, यांतली एकच जोडी घेता येते. माझ्या आई-वडिलांना माझ्या भावाच्या कंपनीने धरलं आहे, म्हणून मी सासू-सासरे घेतले. भावंडांनी हे आधी बोलून वाटून घ्यावं. एकच आई-वडील दोन ठिकाणी आणि सासू-सासरे कुठेच नाहीत, असं ऑफिसमध्ये मी पाहिलेलं आहे.

आबांचं ऑपरेशन रत्नागिरीला, पॅनेलवरच्या दवाखान्यात केलं. तवसाळ-जयगड फेरीबोटीने गेलो, संध्याकाळी त्याच वाटेने परत. मोतीबिंदू डे-केअरमध्ये येतो, २४ तास भरती राहण्याची अट त्याला लागत नाही. कॅशलेसची, म्हणजे विमा कंपनीने दवाखान्याला थेट पैसे द्यायची, मंजुरी लवकर आली. २०२४ च्या मे महिन्यापासून नियमच आहे, अर्ज पोचल्यावर एका तासात पहिली मंजुरी आणि डिस्चार्जच्या वेळी तीन तासांत अंतिम मंजुरी. इथपर्यंत मी या पॉलिसीला पैकीच्या पैकी गुण देईन.

मग बिल आलं. घडी घालून आत सोडायचं साधं मोनोफोकल भिंग धरून पॅकेज ४८,००० रुपये. आमची विम्याची रक्कम ५ लाख, पण मोतीबिंदूला मर्यादा प्रति डोळा ४०,०००. त्यावर आई-वडिलांच्या क्लेमला १० टक्के को-पे, म्हणजे तेवढा वाटा आपण भरायचा. मंजुरीच्या पत्रात ३६,००० लिहून आले आणि १२,००० आम्ही भरले.

या ३६,००० वर मी अडून बसले, कारण रोज हेच काम करते. १० टक्के कशाचे? बिलाचे धरले तर ४८,००० मधून ४,८०० जाऊन उरतात ४३,२००, त्याला मर्यादा लावली की मिळायला हवेत ४०,०००. इथे आधी मर्यादा लावली आणि मग उरलेल्यातून १० टक्के कापले. फरक एका डोळ्यामागे ४,००० रुपयांचा, दोन डोळ्यांचे ८,०००. एचआरकडून मूळ पॉलिसीचा कागद मागवून वाचला. त्यात को-पे "देय रकमेवर" असं स्पष्ट होतं, म्हणजे त्यांनी केलं ते नियमाने बरोबर होतं. पण कर्मचाऱ्यांना जे एक पानी माहितीपत्रक मिळतं त्यात यातलं काहीच नाही. त्यावर मोठ्या अक्षरात असतात ते फक्त ५ लाख. माझं म्हणणं एवढंच आहे की मोतीबिंदूसाठी तो ५ लाखांचा आकडा बघूच नका. प्रति डोळा किती, को-पे किती आणि तो कशावर, हे तीन आकडे एचआरकडून लेखी घ्या, आणि ते घरात कुणाला धूसर दिसायला लागायच्या आधी घ्या.

भिंगाचंही असंच. काउंटरवरच्या मुलीने मल्टिफोकलचा कागद पुढे केला. आबा म्हणाले, "कंपनी देतेय तर चांगली काच बसव म्हणावं." मल्टिफोकलने जवळचा चष्माही बराचसा सुटतो हे खरं, पण वरचा सगळा खर्च आपला, विमा मर्यादेपलीकडे जात नाही. डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, लांबचं स्वच्छ दिसेल, वाचायला चष्मा लागेल, बाकी साध्या भिंगाने काही अडत नाही. साधंच बसवलं. ऑपरेशननंतर डोळ्यात घालायची औषधं कित्येक आठवडे चालतात, त्यांची बिलं एरवी पॉलिसीत बसतात. आमची बसली नाहीत, कारण तीही त्याच ४०,००० च्या आत धरलेली आणि ते संपलेले.

स्वतःच्या पॉलिसीत ही मर्यादा कशी असते ते बघायला आरोग्य संजीवनी चांगली. आरोग्य विमा देणाऱ्या सगळ्या कंपन्यांकडे सारख्याच अटींची मिळणारी पॉलिसी, १ एप्रिल २०२० पासून आहे. तिच्यात मोतीबिंदूला विमा रकमेच्या २५ टक्के किंवा ४०,००० रुपये, जे कमी असेल ते, प्रति डोळा मिळतात. म्हणजे १ लाखाची काढली तर २५,००० वरच थांबायचं. पूर्ण ४०,००० हवे असतील तर विमा रक्कम निदान १ लाख ६० हजार लागते. को-पे ५ टक्के, वेटिंग दोन वर्षं. आमच्या फ्लोटरमध्ये प्रति डोळा ६०,००० आहेत आणि को-पे नाही. आमची दोन वर्षं कधीच उलटून गेली, म्हणून आज ती भक्कम वाटते. आम्हाला मोतीबिंदू व्हायला अजून वेळ आहे, पण नेमकं तेव्हाच हे काढायचं असतं, डोळे चांगले असताना.

सासूबाईंची गोष्ट वेगळी. त्यांना बरीच वर्षं साखर आहे. डोळ्याच्या पडद्याला सूज आली आणि डोळ्यात इंजेक्शनं द्यायला सुरुवात झाली. पूर्वी विमा कंपन्या या इंजेक्शनांना ओपीडीतलं, म्हणजे भरती न होता करायचं, काम म्हणून सरळ नाही म्हणायच्या. २०१९ मध्ये आयआरडीएआयने, म्हणजे विमा कंपन्यांवर देखरेख करणाऱ्या सरकारी संस्थेने, ज्या बारा आधुनिक उपचारांना वगळता येणार नाही असं ठरवलं, त्यांत डोळ्यातली इंजेक्शनं आहेत. विमा कंपनी त्यावर मर्यादा घालू शकते, नाकारू शकत नाही. पहिल्या वेळी दवाखान्याच्या डेस्कवर "हे होत नाही" असंच उत्तर मिळालं. त्यांना यादीतली ओळ दाखवली आणि अर्ज पाठवायला लावला. मंजूर झाला. दवाखान्यातल्या माणसाने नाही म्हटलं म्हणजे विमा कंपनीने नाही म्हटलं असं समजू नका. क्लेम नाकारायचा तर कंपनीला पॉलिसीतलं कलम दाखवून लेखी नाकारावा लागतो.

मात्र साखर असणाऱ्यांनी वर्षातून एकदा पडद्याची जी तपासणी करून घ्यायलाच हवी, तिचे पैसे कंपनीची पॉलिसी देत नाही. मला याचा राग येतो. काहीशे रुपयांची तपासणी टळते आणि मग इंजेक्शनांवर हजारो जातात, तेही डोळा थोडा गमावून. आमच्या फ्लोटरमध्ये वर्षाला एक मोफत आरोग्य तपासणी आहे, पण त्यात रक्त-लघवी आहे, डोळा नाही.

नवऱ्याचं बहादूरशेख नाक्याजवळ गॅरेज आहे. ग्राइंडर मारताना लोखंडाचा कीस डोळ्यात जाणं हे त्या धंद्यात नेहमीचं. अपघाताला कुठल्याच पॉलिसीत वेटिंग नसतं, ही चांगली गोष्ट. पण बुबुळावर रुतलेला कण डॉक्टर खुर्चीवरच, थेंब घालून, सुईच्या टोकाने काढतात आणि दहा मिनिटांत घरी पाठवतात. भरती नाही, म्हणून क्लेम नाही. दोन्ही पॉलिस्यांचं उत्तर हेच. त्यासाठी विमा शोधण्यापेक्षा बंद बाजूंचा गॉगल घ्यावा. आता गॅरेजमध्ये प्रत्येक पोराला दिलेला आहे.

चष्म्यासाठी आमच्या कंपनीत ऐच्छिक ओपीडी कव्हर आहे. मी घेतलं नाही. पूर्ण कुटुंबाला वर्षाला ५,००० ची मर्यादा, त्यातले चष्म्याला २,०००, आणि हप्ता साडेतीन हजारांच्या घरात. ॲपवर कॅशलेस चष्म्याची दुकानं शोधली तर सगळी पुण्या-मुंबईची. चिपळूणच्या दुकानातून घ्यायचा तर डॉक्टरांची नंबरची चिठ्ठी आणि जीएसटीचं पक्कं बिल जोडून पैसे मागे घ्यायचे. मुलीच्या चष्म्याचा नंबर दरवर्षी बदलतो, तरीही हा हिशेब बसेना. २२ सप्टेंबर २०२५ पासून नंबरच्या चष्म्यावर जीएसटी ५ टक्केच आहे, तेवढा दिलासा. ज्यांच्या कंपनीत ओपीडीचा हप्ता मालक भरतो त्यांनी मात्र ते पैसे सोडू नयेत.

चष्मा घालवायच्या लेसर ऑपरेशनला ७.५ नंबरच्या खाली सहसा कोणी पैसे देत नाही. बोटीवर नोकरीला जायच्या तयारीत असलेल्या पोरांचे पालक मला हे विचारतात, म्हणून लिहिलं.

हप्त्याचं थोडं. स्वतःच्या आरोग्य पॉलिसीवर २२ सप्टेंबर २०२५ पासून जीएसटी नाही, पूर्वी १८ टक्के होता. ग्रुप पॉलिसीवर तो अजून आहे, आणि आई-वडिलांचा हप्ता पगारातून कापला जात असेल तर तो आपल्याच खिशातून जातो. जुन्या करप्रणालीत ८०डी खाली आई-वडिलांच्या हप्त्याची वजावट मिळते, ते ज्येष्ठ असतील तर ५०,००० पर्यंत. पण ती स्वतःच्या आई-वडिलांची. सासू-सासऱ्यांचा हप्ता सुनेच्या पगारातून गेला तर तिला वजावट नाही. आमच्या ऑफिसात दरवर्षी जानेवारीत पुरावे गोळा करताना हे मला कुणाला ना कुणाला समजावून सांगावं लागतं.

कंपनीच्या पॉलिसीचा खरा दोष नोकरी सुटली की कळतो. आमच्याकडच्या एका सहकारी बाईने राजीनामा दिला, तिच्या आईचं दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन पुढच्या महिन्यात ठरलेलं होतं. शेवटच्या कामाच्या दिवसाबरोबर कव्हर संपलं. नोकरी सोडताना त्याच विमा कंपनीच्या वैयक्तिक पॉलिसीत जाता येतं आणि ग्रुपमध्ये काढलेली वर्षं वेटिंगमधून वजा होतात, पण अर्ज कव्हर चालू असतानाच करावा लागतो. राजीनाम्याच्या पत्राबरोबरच तो अर्ज टाकावा. तिला हे कुणी सांगितलं नाही. शेवटी तिने आईचं ऑपरेशन सरकारी दवाखान्यात करून घेतलं. अंधत्व निवारणाचा राष्ट्रीय कार्यक्रम १९७६ पासून चालू आहे आणि मोतीबिंदूची ऑपरेशनं त्यात मोफत होतात. आईला आता छान दिसतं.

तर माझं मत असं. आज घरात म्हाताऱ्यांचा मोतीबिंदू किंवा पडदा असेल तर कंपनीच्या पॉलिसीला तोड नाही, ती पूर्ण वापरा. चाळिशीच्या आतबाहेर असाल तर तिच्यावर विसंबून न राहता स्वतःची एक काढा आणि काढताना प्रति डोळा मर्यादा वाचा. पॉलिसी हातात आल्यावर ३० दिवस फ्री-लूक असतो, तेवढ्यात कागद वाचून पटली नाही तर परत करता येते.

आबांचा डावा डोळा पावसाळ्याआधी करायचा आहे. आमच्या ग्रुप पॉलिसीचं नूतनीकरण १ एप्रिलला आहे आणि मर्यादा ५०,००० करावी, को-पे बिलावर धरावा, असा अर्ज सह्यांसकट एचआरला दिला आहे. ब्रोकरने वाढीव हप्ता कळवतो म्हणून सांगितलं आहे. माणशी फार वाढत नसेल तर तो फरक पगारातून द्यायला आमच्या खात्यातले सगळे तयार आहेत.