४० माणसं, एक पातेलं: कोळंबीचा बॉइल की कालवण?
अमेरिकेत लुइझियानाकडं बॉइल करतात तो म्हणजे एकच मोठं पातेलं, मीठ-मसाल्याच्या पाण्यात बटाटे, मक्याची कणसं, खेकडे, कोळंबी सगळं शिजवायचं, पाणी गाळायचं आणि टेबलावर कागद पसरून थेट ओतायचं, हातानं खायचं. पोरं तर वेडी होतात. पण खरी गंमत क्रमात आहे बरं का, आधी बटाटे, ते अर्धे शिजले की खेकडे नि कणसं, आणि कोळंबी सगळ्यात शेवटी, दोन-तीन मिनिटं, गुलाबी होऊन वळली की लगेच गॅस बंद, नाहीतर रबर. मीठ हात सैल सोडून घाला, पाणी फेकायचंच असतं.

कालवणाचं तसं नाही. कांदा-खोबरं भाजून वाटण, हळद आपल्या सांगलीचीच, रस्सा आधी उकळून ठेवा नि लोक बसायला लागले की कोळंबी सोडा. दोन पंगती बसल्या तरी चालतं, भात-भाकरी असते म्हणून माल थोडा कमी पडला तरी भागतं. बॉइलला मात्र सालासकट माणशी अर्धा किलो तरी धरा, तोही रत्नागिरीकडनं बर्फात आलेला, आणि १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटी बंद असतात तेव्हा तर विचारच नको.

माझं म्हणाल तर मळ्यात घरचीच माणसं असतील तर बॉइल, म्हातारी माणसं आणि पाहुणेरावळे असतील तर डोळे झाकून कालवण. आणि कोळंबी मिळाली नाही म्हणून बॉइलमध्ये रोहू-कटला घालू नका, फुटतो, मग बटाट्यातनं काटे वेचत बसावं लागतं.