‘यात काहीच करावं लागत नाही’ असं सांगून विकलेलं बेट्टाचं घर

बेट्टा, म्हणजे ज्याला बरेच जण फायटर म्हणतात तो मासा, घ्यायचं मनात असेल तर पैसे देण्याआधी हे वाचा. मला जे विकलं गेलं त्याच्या खोक्यावर ‘बेट्टाचं तयार घर’ असं छापलेलं होतं. उभट काचेची बरणी, तळाशी रंगीत खडे आणि प्लॅस्टिकची झाडं, खड्यांखालून वर येऊन बाहेर तोंड काढणारी एक नळी, झाकणात बसवलेलं पीस लिलीचं रोप आणि आत निळा-जांभळा, लांब परांचा एक देखणा नर. विक्रेत्याने छातीठोकपणे सांगितलं, “ताई, यात काहीच करावं लागत नाही. फिल्टर नको, हीटर नको, साफसफाई नको. मासा रोपाची मुळं खातो, रोप माशाची घाण खातं.”

यातली एकही गोष्ट त्याने पूर्णपणे हवेतून काढलेली नव्हती. प्रत्येकीच्या बुडाशी बेट्टाबद्दलचं काहीतरी खरं होतं, फक्त ते अर्धवट सांगितलेलं. निव्वळ थाप चार लोकांना विचारलं की उघडी पडते. अर्धं खरं मात्र शोधायला गेलात तर खरंच निघतं आणि आपला विश्वास उलट वाढतो.

सगळ्यात प्रभावी होतं ते बरणी ‘आपोआप साफ होण्याचं’ प्रात्यक्षिक. त्याने वरून तांब्याभर पाणी ओतलं आणि नळीतून तळाचं पिवळट, गाळ असलेलं पाणी भसाभस बाहेर पडलं. पाहणाऱ्याला वाटतं, झालं काम. बाहेर येतो तो दिसणारा गाळ. माशाला मारतो तो अमोनिया, आणि तो पाण्यात विरघळलेला असतो. त्याला रंग नसतो आणि तो तळाशी साचून बसत नाही. निम्मं पाणी बदललं तर अमोनियाही फार तर निम्माच जातो आणि राहिलेल्यावर लगेच नव्याने भर पडायला लागते, कारण मासा अमोनिया मुख्यतः कल्ल्यांतून टाकतो, अगदी उपाशी असला तरी. शिवाय नळाचं पाणी थेट वरून ओतायचं म्हणजे क्लोरीनही थेट माशावर, आणि तेही बरणीपेक्षा वेगळ्या तापमानाचं. क्लोरीन घालवणारं औषध लागतं हे मला कुणी सांगितलं नाही. खोक्यात तर ते नव्हतंच.

आता ‘कमी पाण्यात जगतो’ या विक्रेत्याच्या दुसऱ्या दाव्याकडे येते. बेट्टाच्या डोक्यात कल्ल्यांच्या वरच्या बाजूला लॅबिरिंथ नावाचा अवयव असतो. त्याच्या जोरावर तो पृष्ठभागावर येऊन हवेतला ऑक्सिजन घेतो. हे खरं आहे. विक्रेत्याने यावरून निष्कर्ष काढला की त्याला पाणी कमी चालतं आणि घाण चालते. प्रत्यक्षात हवा घेता येते एवढ्याने अमोनियाची जळजळ थांबत नाही. कल्ले पोळतात, पर झिजतात, अंगावरचा बुळबुळीत थर खराब होतो. फरक एवढाच की दुसरा एखादा मासा ज्या पाण्यात लवकर मेला असता, त्यात बेट्टा तग धरतो. मासा जगण्याची मला मिळालेली हमी एका आठवड्याची होती. ज्या अवयवामुळे हा मासा चिवट आहे, त्याच्याच जिवावर ही हमी सुखरूप संपते. माशाच्या चिवटपणावर कुणी धंदा उभा करावा याचा मला आजही संताप येतो.

‘भातशेतीतल्या डबक्यांत राहतो’ हेही मला ऐकवलं गेलं. बेट्टा, शास्त्रीय नाव बेट्टा स्प्लेंडन्स, हा मूळचा थायलंडचा. तिथल्या सरकारने 2019 मध्ये त्याला राष्ट्रीय जलचर म्हणून जाहीर केलं. भातखाचरं, दलदल, संथ ओढे या उथळ पाण्यांत तो राहतो हे अगदी बरोबर. पण उथळ म्हणजे थोडं नव्हे. खाचरात फक्त 10 सेंटिमीटर पाणी असलं तरी एका चौरस मीटरमध्ये 100 लिटर पाणी होतं, आणि खाचर एक चौरस मीटरचं नसतं. ते पाणी उबदार असतं, झाडाझुडपांनी भरलेलं असतं आणि त्यात किडे-अळ्या असतात. तिथले पैदासकार नरांना छोट्या बरण्यांत ठेवतात, याचे फोटोही विक्रेत्याने फोनवर दाखवले. तेही खोटं नाही. दोन नर एकत्र ठेवले तर भांडतात, म्हणून वेगळे ठेवावे लागतात. पण ते गरम हवेत ठेवतात, पाणी सतत बदलतात, आणि बरणी ही विक्री होईपर्यंतची सोय असते. आयुष्यभराच्या घराशी तिचा संबंध नाही.

आणि ती पीस लिलीची मुळं! बेट्टा मांसाहारी आहे. त्याचं तोंड वरच्या बाजूला वळलेलं असतं, कारण तो पाण्याच्या पृष्ठभागावरचे किडे आणि डासांच्या अळ्या टिपतो. उपासमार झाली की तो मुळं कुरतडताना दिसू शकतो आणि ते पाहून लोक म्हणतात, बघा, खातोय. वर त्या मुळांचं जाळं वाढत वाढत पृष्ठभाग झाकायला लागतं. हवेसाठी वर यावं लागणाऱ्या माशाच्या डोक्यावरच छप्पर तयार होतं.

माझ्याकडच्या माशाची तब्येत हळूहळू उतरत गेली. आधी तो मिरवायचा थांबला. मग पर अंगाला चिकटवून तळाशी पडून राहायला लागला, फक्त श्वासासाठी वर यायचा आणि पुन्हा खाली जायचा. शेपटीची कड जवळून पाहिली तर टोकं काळपट, मध्येच खाचा पडलेल्या आणि एका बाजूला केसासारख्या बारीक लाल रेषा. पाणी मात्र आरशासारखं नितळ. पाणी स्वच्छ दिसतंय म्हणजे स्वच्छ आहे, या समजुतीवरच असल्या वस्तू विकल्या जातात.

इथून फसवणुकीचा दुसरा टप्पा सुरू होतो आणि त्याबद्दल फार कमी लोक सांगतात. त्याच विक्रेत्याला फोटो पाठवला तर त्याने पाण्याबद्दल चकार शब्द विचारला नाही. “इन्फेक्शन आहे, हे निळं औषध घाला.” ते मिथिलीन ब्लू होतं. योग्य जागी, योग्य मात्रेत ते उपयोगी आहे, पण पाणी शुद्ध ठेवणाऱ्या उपकारक जिवाणूंनाही ते मारतं आणि अमोनियावर त्याचा काही इलाज नाही. मग एक ‘टॉनिक’. मग खडे मीठ. दर वेळी नवीन बाटली, नवीन बिल आणि बरणी तीच. शेवटी उत्तर आलं की मासा म्हातारा झाला असेल, दुसरा घेऊन जा, बरणी आहेच. विकताना मात्र त्याच्या मते हाच मासा दोन महिन्यांचा, अगदी बच्चा होता! एवढी लांब, पूर्ण भरलेली शेपटी दोन महिन्यांच्या नराला नसते. नीट सांभाळलेला बेट्टा साधारण दोन ते चार वर्षं जगतो.

एका ओळखीच्या मत्स्यपालकाने फोटो पाहून पहिला प्रश्न विचारला, “पाणी किती लिटर आहे?” खोक्यावर 5 लिटर छापलं होतं. मासा एका बादलीत हलवला आणि बरणीतलं पाणी मापाच्या भांड्याने मोजून काढलं. जेमतेम 2 लिटर भरलं. पाच लिटर हे रिकाम्या बरणीचं, काठोकाठचं माप होतं. खडे, नळी, रोपाची टोपली आणि वरची मोकळी जागा वजा केली की माशाच्या वाट्याला उरलं ते इतकंच. थेंब टाकून पाण्याचा रंग बदलणारं टेस्ट किट त्याने आणून दिलं. अमोनिया शून्य असायला हवा. इथे किटच्या तपासणी-नळीतलं पाणी पिवळं राहायच्या ऐवजी गडद हिरवं झालं. ‘आपोआप साफ होणाऱ्या’ बरणीतलं ते पाणी होतं.

मग खरं घर उभं केलं. जाणकार एका बेट्टासाठी साधारण 20 लिटर पाणी सांगतात. त्याहून कमी पाण्यात ठेवणारेही आहेत, पण पाणी जितकं थोडं तितकं ते झटकन बिघडतं, आणि नवशिक्याला चूक सावरायला वेळच मिळत नाही. टँक उंच नको, आडवा हवा, कारण लांब परांच्या माशाला दर वेळी हवेसाठी खोल तळातून वर येणं जड जातं. फिल्टर स्पंजचा घेतला. त्याचा प्रवाह मंद असतो, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे त्या स्पंजमध्ये जिवाणूंची वस्ती होते. ते अमोनियाचं नायट्राइट करतात, दुसरे जिवाणू नायट्राइटचं नायट्रेट करतात. पहिली दोन्ही विषारी, नायट्रेट त्या मानाने बरंच सौम्य आणि आठवड्याला पाव भाग पाणी बदललं की आटोक्यात राहणारं. ही वस्ती जमायला साधारण चार ते सहा आठवडे जातात. म्हणून आदर्श क्रम टँक आधी आणि मासा नंतर असा आहे. ‘आजच सगळं घेऊन जा’ म्हणणारा विक्रेता नेमकं हेच लपवतो. माझ्याकडे मासा आधीच असल्यामुळे तेवढे आठवडे रोज पाणी तपासून थोडं थोडं बदलत राहावं लागलं. मत्स्यपालकाने स्वतःच्या जुन्या टँकमधल्या स्पंजचा एक तुकडा दिला, त्याने काम बरंच सोपं झालं.

हीटर थर्मोस्टॅटवाला, तापमान 25 ते 27 अंशांच्या आसपास. थर्मामीटर वेगळा, कारण हीटरवरच्या आकड्यावर भरवसा ठेवता येत नाही. झाकण हवंच, बेट्टा उडी मारतो, पण पाणी आणि झाकण यांच्यात हवेची जागा सोडायची. त्या ‘घरातली’ प्लॅस्टिकची झाडं फेकून दिली. त्यांची परीक्षा सोपी आहे: पातळ नायलॉनचा मोजा पानांवरून ओढा, धागा अडकला की परही अडकून फाटणार. त्यांच्या जागी अनुबियास आणि जावा फर्न लावली. दोन्ही कमी उजेडात तगतात. मासा आता अनुबियासच्या एका रुंद पानावर, पृष्ठभागाच्या जवळ, विसावतो. झिजलेल्या शेपटीच्या कडेला आधी काचेसारखी पारदर्शक पट्टी आली, मग तिच्यात रंग भरत गेला.

विक्रेत्याकडे पैसे परत मागितले. त्याचं म्हणणं, मासा जिवंत आहे, मग तक्रार कसली? मोजलेल्या लिटरांचा फोटो दाखवल्यावर तो म्हणाला की माप बरणीचं आहे, पाण्याचं असं आम्ही कुठे लिहिलंय. पैसे मिळाले नाहीत. म्हणून दुकानातच विचारून घ्या: सगळं सामान आत ठेवल्यावर प्रत्यक्ष पाणी किती लिटर राहतं, तापमान कसं राखायचं, अमोनिया कशाने तपासायचा. ‘याला काही लागत नाही’ असं उत्तर आलं तर तिथून मासाही घेऊ नका आणि औषधही.

तुमच्या घरी अशी बरणी आधीच असेल आणि मासा तळाशी पडून असेल, तर बाटल्या विकत घेत बसू नका. झाकणातलं रोप आजच काढा. मोठा टँक येईपर्यंत मोठं, स्वच्छ, साबण न लागलेलं प्लॅस्टिकचं टबही चालेल, फक्त वर जाळी किंवा झाकण ठेवा. नळाचं पाणी क्लोरीन घालवणारं औषध टाकून, तापमान जुळवून वापरा. नुसतं रात्रभर ठेवून क्लोरीन उडतो, पण पाण्यात क्लोरामाइन (क्लोरीनचाच जास्त टिकाऊ प्रकार) असेल तर ते तसं उडत नाही. टब लहान असेल तर रोज एक तृतीयांश पाणी बदला. खाद्य थोडं द्या, आणि न खाल्लेला दाणा लगेच काढा. बहुतेक बेट्टांना आधी हेच लागतं. औषधाचा विचार पाणी सुधारल्यावरही पर झिजत राहिले तरच करायचा.