प्रेम: मंडईच्या नाटकातलं आणि वावरातलं

दिवाळीनंतर धान निघालं की झाडीपट्टीत, म्हणजे विदर्भाच्या पूर्वेकडच्या धानाच्या पट्ट्यात, गावोगाव मंडई नावाची जत्रा भरते आणि वडसा गावच्या नाटक कंपन्यांची नाटकं रात्रभर चालतात. तिथलं प्रेम मोठ्या आवाजाचं. पाटलाची पोर, गरीब नायक, खलनायकाचा कट, मध्येच लावणी. मांडवातल्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं तर नुसत्या नजरेनं भागत नाही, म्हणून मला त्याचा राग येत नाही.

कथेला मात्र कुजबुजही पुरते. शेतीपंपाची लाइन रात्रपाळीत आली की हरभऱ्याच्या ओलिताला नवराबायको दोघं जातात. तो पाण्याचा दांड वळवतो, ती बॅटरी धरते. पराटीवर, म्हणजे कपाशीवर, फवारणी करून तो आल्यावर ती दारातच अडवते, "आधी आंघोळ करा, मंग भाकरीले हात लावा." 'आवडतेस' वगैरे कोणी म्हणत नाही. नाटकात हा प्रसंग उभाच राहणार नाही.

पण वास्तववादी लेखकांचीही एक खोड आहे. वऱ्हाडातलं घर आलं की कर्ज आणि नापिकीच एवढी भरतात, की नवराबायकोची थट्टा-मस्करी हरवते. ती मंडईच्या नाटकात भरपूर मिळते. तरी एकच निवडायचं तर मी बॅटरीवाली कथा घेईन, फक्त तिच्यात त्यांना थोडं भांडू आणि हसू द्या.