सकाळची शाळा की दुपारची? नोकरीवाल्या आईचा हिशोब

आम्ही डोंबिवलीत, माझं ऑफिस फोर्टला, लेक दुसरीत. दोन्ही शिफ्ट करून झाल्यात म्हणून सांगतेय.

सकाळची शाळा म्हणजे आता 9 ची, कारण 2024 मध्ये सरकारने चौथीपर्यंतचे वर्ग 9 च्या आधी भरवू नका असं सांगितलं. मुलांच्या झोपेसाठी ते योग्यच आहे हो, पण 9 ला शाळेच्या गेटवर असले तर 10 ला फोर्टला पोचायचं कसं, लोकललाच सव्वा तास जातो! आणि शाळा 2 ला सुटली की साडेसातपर्यंत सलग पाळणाघर, साडेपाच तास, घरी येईपर्यंत पोर पेंगुळलेली असते, गृहपाठ तसाच.

दुपारची साडेबारा ते साडेपाच. मी 8 ला निघते, वेणी, डबा, रिक्षात बसवणं सगळं पाळणाघरच्या मावशी करतात, त्याचं फार वाईट वाटतं. पाळणाघराचे तास मोजले तर थोडे जास्तच भरतात, पण दोन तुकड्यांत, सकाळी फ्रेश असताना अभ्यासही होतो.

नवरा उशिरा निघत असेल तर सकाळची घ्या. आमच्याकडे दोघंही 8 ला बाहेर, म्हणून दुपारचीच ठेवली.