अपिचातपोंग: सुरुवात 'अंकल बूनमी'पासून की 'ट्रॉपिकल मॅलडी'पासून?

थाई दिग्दर्शक अपिचातपोंग वीरासेथाकुल पहिल्यांदाच पाहणार असाल, तर बहुतेक जण 'अंकल बूनमी' सुचवतात. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम द'ओर, 2010 मध्ये त्याला मिळाला होता, त्यामुळे नाव ओळखीचं. मूत्रपिंडं निकामी झालेला बूनमी रात्री जेवायला बसलाय आणि शेजारच्या रिकाम्या खुर्चीत त्याची मेलेली बायको हळूहळू दिसू लागते. थोड्या वेळाने हरवलेला मुलगाही येतो, अंगभर केस, लाल डोळे. दचकून झालं की गप्पा सुरू, जुने फोटोही दाखवले जातात! भुताचं असं आदरातिथ्य दुसरीकडे क्वचितच दिसेल.

'ट्रॉपिकल मॅलडी' (2004, कानचं ज्युरी पारितोषिक) एवढा प्रेमळ नाही. अर्धा सिनेमा एक सैनिक आणि गावातला तरुण यांचं लाजरं प्रेम. मग पडदा काळा होतो आणि जणू दुसराच सिनेमा सुरू: जंगलात एकटा सैनिक, समोर वाघाचं रूप घेणारा मांत्रिक. संवाद जवळपास नाहीतच. किड्यांची किरकिर मात्र अखंड, म्हणून मोबाइलच्या स्पीकरवर बघू नका, हेडफोन लावा.

दोन्हींत थायलंडचा ईशान्य भाग, इसान, जाणवतो. दिग्दर्शक तिथल्याच खोन केनमध्ये वाढला, वास्तुरचना शिकला आणि मग शिकागोला सिनेमा.

माझं मत 'मॅलडी'ला. 'बूनमी' लवकर आवडतो, पण त्यातली भुतं इतकी सोज्वळ आहेत की दिग्दर्शकाचा धीटपणा झाकला जातो. झोपेच्या वेळी बघणार असाल तर मात्र 'बूनमी'च लावा.