विली-मर्ल की एमिलू-रॉडनी: आधी कुणाची रेकॉर्ड घ्यावी?

कंट्री संगीतातल्या, म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण भागातून आलेल्या गाण्यांतल्या, युगलगीतांची एकच रेकॉर्ड घ्यायची, असं ठरवून बसलं की बरीच चाळणी होऊन शेवटी दोन उरतात. निदान माझ्यापुढे तरी दोनच उरल्या होत्या. विली नेल्सन आणि मर्ल हॅगर्ड यांची १९८३ सालची 'पांचो अँड लेफ्टी' आणि एमिलू हॅरिस-रॉडनी क्रॉवेल यांची २०१३ सालची 'ओल्ड यलो मून'. बाहेरून येणाऱ्या रेकॉर्डला पैसे बरेच पडतात, त्यामुळे दोन्ही एकदम घेणं जमलं नाही. मी आधी 'पांचो' घेतली आणि वर्षभरानं दुसरी. आज कुणी विचारलं तर हाच क्रम उलटा सांगेन. पण ते सांगताना जीव थोडा अडखळतो, कारण पहिल्या रेकॉर्डमधलं पहिलं गाणं माझ्या आयुष्यातल्या मोजक्या गाण्यांपैकी आहे.

ते गाणं म्हणजे 'पांचो अँड लेफ्टी', गीतकार-गायक टाउन्स व्हॅन झांटचं. त्यानं स्वतः ते १९७२ मध्ये गायलं, नंतर एमिलूनं 'लक्झरी लायनर' या अल्बममध्ये घेतलं. विलीच्या टेक्सासमधल्या पेडरनेल्स स्टुडिओत मर्लबरोबर रेकॉर्डिंग चालू असताना विलीची मुलगी लाना हे गाणं घेऊन आली. रात्र बरीच झाली होती आणि मर्ल आपल्या बसमध्ये जाऊन झोपला होता. त्याला उठवून आणलं. त्यानं झोपेतच आपलं कडवं गायलं आणि सकाळी म्हणाला, परत एकदा गातो. तोवर टेप न्यूयॉर्कला रवाना झाली होती. ही हकिगत कंट्री ऐकणाऱ्या बहुतेकांना माहीत असते, पण मला तिच्यातली एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते. मर्लच्या वाट्याला जे कडवं आलंय ते मागे उरलेल्या लेफ्टीचं आहे. गाण्यातला डाकू पांचो केव्हाच मेलाय आणि लेफ्टी क्लीव्हलँडच्या थंडीत एका स्वस्त हॉटेलात म्हातारा होतोय. त्या कडव्याला तोच जडावलेला, अर्धवट जागा आवाज हवा होता. सकाळी ताज्या गळ्यानं गायला असता तर काहीतरी निसटलं असतं, असं मला प्रत्येक वेळी वाटतं.

मग अडतं कुठे? त्या गाण्यात मर्ल पार शेवटाकडे येतो. तोवर विली एकटाच गात असतो. ज्याला दोघांचं गाणं ऐकायचंय त्याला हे पहिल्या दिवशी खटकत नाही, मलाही नाही खटकलं. पुढच्या नऊ गाण्यांत हळूहळू लक्षात आलं.

विली नेल्सन शब्द मात्रेवर टाकत नाही. थोडा मागून टाकतो, कधी ओळ लवकर उरकून पुढे जाऊन थांबतो. एकटा गातो तेव्हा हीच त्याची सगळ्यात मोठी कमाई आहे. ठुमरी ऐकणाऱ्या माणसाला तर ते चटकन आवडतं, कारण लयीशी असं खेळणं आपल्या कानाला परकं नाही. पण शेजारी दुसरा गाणारा उभा राहिला की त्यानं पाय ठेवायचा कुठे? मर्ल मुरलेला गायक, तो सांभाळून घेतो. तरी दोघं एकत्र ओळ धरतात तिथे मला शब्दांची टोकं जुळल्यासारखी वाटत नाहीत. एकाचा शब्द संपतो, दुसऱ्याचा लोंबकळत राहतो.

माझी बायको गाण्याच्या मध्यमा पूर्णपर्यंतच्या परीक्षा दिलेली. इंग्रजी गाण्यांची तिला फारशी ओढ नाही, पण सूर कानावर पडला की ती गुणगुणायला लागते. 'पांचो'ची दुसरी बाजू लावली होती तेव्हा तिनं दोनतीनदा सोबत गायचा प्रयत्न केला आणि सोडून दिला. "हे दोघं एकमेकांची वाट बघत नाहीत," असं म्हणाली आणि आत गेली. मला ते लागलं, कारण ते खरं होतं. त्यानंतर ती रेकॉर्ड मी एकट्यानंच ऐकू लागलो. निर्णय तिथेच झाला, असं आता वाटतं.

इथे आपल्या कानाबद्दलही बोललं पाहिजे. आपल्याकडे युगलगीत म्हणजे मुखडा दोघांचा आणि अंतरे वाटून घेतलेले. एकत्र गायचं ते बहुतेक वेळा एकाच सुरात. शाहिराच्या मागे झीलकरी उभे राहतात तेही त्याचीच ओळ उचलतात. कंट्रीतलं हार्मनीचं गाणं वेगळं. एक जण चाल गातो, दुसरा तीच ओळ, त्याच क्षणी, वेगळ्या सुरांवरून नेतो. म्हणून शब्द एकत्र सुटणं आणि एकत्र संपणं हे तिथे प्राणासारखं आहे. जरा मागेपुढे झालं की दोन सुरांमधलं नातं विस्कटतं.

एमिलू हॅरिस हे ग्रॅम पार्सन्स या गायकाच्या शेजारी उभी राहून शिकली. १९७३ मध्ये तो गेला. तिनं स्वतःचा 'हॉट बँड' उभा केला तेव्हा १९७५ मध्ये रॉडनी क्रॉवेल त्यात गिटार वाजवायला आणि दुसरा आवाज द्यायला आला. म्हणजे 'ओल्ड यलो मून' निघाली तेव्हा या दोघांच्या ओळखीला जवळजवळ चार दशकं होत आली होती. निर्माता ब्रायन अहर्न, ज्यानं तिच्या सत्तरच्या दशकातल्या रेकॉर्ड केल्या तोच. 'ब्लूबर्ड वाइन' हे रॉडनीचं गाणं १९७५ च्या 'पीसेस ऑफ द स्काय'मध्ये तिनं गायलं होतं, आणि इथे तो स्वतः गातो. तरुणपणी दिलेली वस्तू म्हातारपणी परत हातात घेऊन बघावी तसं ते ऐकू येतं. मॅट्राका बर्गचं 'बॅक व्हेन वी वेअर ब्यूटिफुल' एमिलूच्या आताच्या, कडा झिजलेल्या आवाजात ऐकताना मी काम बाजूला ठेवून बसतो.

शेवटचं, रेकॉर्डच्या नावाचं गाणं तर जरूर ऐका. तिथे कुणीच पुढे जात नाही. श्वाससुद्धा एकत्र घेतल्यासारखा वाटतो.

दोष आहेत. 'पांचो'च्या शीर्षकगीताच्या उंचीचं एकही गाणं या रेकॉर्डमध्ये नाही, हे मान्यच करायला हवं. 'ब्लॅक कॅफीन'सारखी जोरकस गाणी मला थोडी ओढूनताणून आणल्यासारखी वाटतात, पण जोरकस गाणी आवडणाऱ्याला कदाचित तीच आवडतील. सगळं इतकं नीट आहे की मर्लच्या त्या झोपाळू कडव्यासारखा अपघात इथे घडणं कठीण. या रेकॉर्डला सर्वोत्तम अमेरिकाना (अमेरिकी लोकसंगीताच्या मुळांवरचं संगीत) अल्बमचं ग्रॅमी मिळालं, पण त्यावर मी फार वजन टाकणार नाही.

'पांचो'च्या बाजूनं आणखी एक सांगतो. पहिली बाजू संपते 'रीझन्स टू क्विट'वर आणि दुसरी उघडते 'नो रीझन टू क्विट'नं. पहिलं गाणं दारू सोडायची कारणं मोजतं, दुसरं म्हणतं की सोडायला कारणच नाही. मधे उठून रेकॉर्ड उलटायची तेवढीच उसंत. मोबाइलवर ऐकणाऱ्याला ही गंमत कळणार नाही, म्हणून ही घ्याल तेव्हा रेकॉर्डच घ्या.

याच जोड्यांचे आणखी दोन अल्बम २०१५ साली आले, एमिलू-रॉडनीचा 'द ट्रॅव्हलिंग काइंड' आणि विली-मर्लचा 'जँगो अँड जिमी'. दुसऱ्यात तर दोन म्हातारे मित्र गप्पा मारत बसल्यासारखे वाटतात, आणि पुढच्याच एप्रिलमध्ये मर्ल आपल्या एकोणऐंशीव्या वाढदिवशी गेला हे माहीत असल्यावर ते ऐकणं सोपं राहत नाही. पण सुरुवात म्हणून मी दोन्ही सुचवणार नाही.

तुम्ही रात्री हेडफोन लावून एकटे ऐकणारे असाल, आणि एका थोर गाण्यासाठी बाकीच्या नऊंना सांभाळून घ्यायची तयारी असेल, तर 'पांचो अँड लेफ्टी' घ्या, पस्तावणार नाही. घरात आणखी कुणी गुणगुणणारं असेल तर मात्र मला वाटतं दुसरी आधी घ्यावी. आमच्याकडे ती रविवारी सकाळी लागते. 'ड्रीमिंग माय ड्रीम्स' सुरू झालं की मी चाल धरतो आणि तिसऱ्या-चौथ्या ओळीला स्वयंपाकघरातून वरचा सूर येतो.