पीएस२चे गेम पेनड्राइव्हवर टाकताना: फाइलच्या नावात आयडी ठेवायचा की नुसतं नाव?

आमच्या यवतमाळकडच्या खेड्यात वेचणीनंतर कापूस घरातच भरून ठेवतात. त्याची धूळ आणि तंतू पीएस२मध्येही, म्हणजे प्लेस्टेशन २ या गेम खेळायच्या यंत्रातही, शिरतात. डिस्क वाचणारी लेन्स थकली, की मग आपल्या डिस्कच्या आयएसओ, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली नक्कल, काढून पेनड्राइव्हवर घ्यायच्या आणि ओपन पीएस२ लोडर, म्हणजे ओपीएल, या पीएस२वर चालणाऱ्या प्रोग्रामनं गेम लावायचे.

आयएसओ फाइलला नाव द्यायच्या दोन पद्धती आहेत. जुन्या पद्धतीत आधी आयडी, म्हणजे त्या डिस्कचा ओळख क्रमांक, मग नाव. ‘सॅन अँड्रियास’ या गेमची युरोपीय डिस्क असेल तर सुरुवात ‘एसएलईएस_५२५.४१’, अमेरिकन असेल तर ‘एसएलयूएस_२०९.४६’, फाइलवर हे रोमन कॅपिटलमध्येच. नव्या पद्धतीत नुसतं गेमचं नाव.

खरा फरक वाचण्यात आहे. जुन्या पद्धतीत ओपीएल फाइलच्या नावावर भरवसा ठेवतं. पीएस२चं यूएसबी १.१ आहे, फार हळू. तरी यादी लवकर येते. पण आयडी चुकला तर ओपीएल डिस्कमध्ये नसलेलीच फाइल शोधतं आणि पडदा काळा राहतो. नव्या पद्धतीत ते प्रत्येक आयएसओ उघडून आतल्या सिस्टम.सीएनएफ या छोट्या फाइलमधून आयडी वाचतं. पहिल्यांदा वेळ लागतो, चूक मात्र होत नाही.

नाव कसंही द्या, कव्हर (यादीत दिसणारं गेमचं चित्र), चीट आणि सेटिंगच्या फाइली आयडीनंच जुळतात. माझ्या भाच्यानं डब्यावर छापलंय तसं ‘एसएलईएस-५२५४१’ लिहून कव्हर टाकलं. अख्खी संध्याकाळ गेली, चित्र काही दिसेना. मधली आडवी रेघ खोडून तिच्या जागी अंडरस्कोर (_) दिला, शेवटच्या दोन आकड्यांआधी टिंब दिलं, मागे ‘_सीओव्ही’ जोडलं आणि लगेच आलं. पोराचा चेहरा बघण्यासारखा होता.

पेनड्राइव्ह एकट्याचा आणि गेम दहा-बारा असतील तर नुसतं नाव ठेवा. आमच्यासारखा एकच पेनड्राइव्ह चार घरी फिरत असेल तर आयडीसकटच ठेवा. एकाच गेमची युरोपीय आणि अमेरिकन प्रत सारख्या नावानं आली, की कॉपी करताना एक दुसरीवर बसते आणि पहिली जाते. हे आमच्याकडे झालंय.

आयडी हातानं टाइप करू नका. कॉम्प्युटरवर आयएसओ सेव्हन-झिपनं उघडा, सिस्टम.सीएनएफमधली ‘बूट२’ची ओळ बघा, त्यातला आयडी कॉपी करा आणि मागचा ‘;१’ सोडून द्या.